कवठीचं पारणं

तुम्ही खोटं बोललात.

चुकून नव्हे, घाईत नव्हे. टंकून, तपासून, खाली सही-शिक्का मारून बोललात. वाघांचा सगळा कारभार तुमच्या हाती, तुम्ही बावीस पानांचा अहवाल काढलात आणि त्यात छापलंत की भानापूरच्या व्याघ्रसदनातली वाघीण क्रमांक सत्तेचाळीस ‘संपूर्ण वास्तव्यकाळात समाधानी’ होती. तिचं वजन छापलंत, दात किती ते छापलंत, गळ्यातल्या पट्ट्याचा नंबरसुद्धा छापलात. एक रकाना तेवढा कोरा सोडलात. त्या कोऱ्या रकान्यावर बोट ठेवून एका बाईनं भर सुनावणीत तुम्हाला प्रश्न विचारला, तेव्हा तुम्ही तिच्यापुढे पाण्याचा पेला सरकवलात. जणू तिचा घसा कोरडा पडला होता, तुमचा नाही.

ती बाई कोण ते तुम्हाला ठाऊक आहे. लोकांना नाही. म्हणून हे लोकांसाठी.

सुगंधा नन्नावरे तिचं नाव. चौदा वर्षं वाघांची राखण केलेली बाई. जुन्या बागेत भानापूरचे तीनच वाघ होते तेव्हापासूनची. त्या वेळी वाघांना खंदकाआड मोकळं अंगण होतं, अंगणात कडुनिंब होता आणि बाबूलाल उईके नावाचा म्हातारा राखणदार होता. सुगंधा त्याच्या हाताखाली शिकली. कागदावरचं काहीच नाही, सगळं डोळ्यांनी बघायचं शिक्षण.

मंगळवारी वाघांना उपास. जगात बहुतेक ठिकाणी असा एक वार पाळतात. रानात काही वाघाला रोज ताट वाढलेलं नसतं, पोटाला विसावा लागतो. बुधवारी सकाळी मांस पडायचं, त्याला बाबूलाल पारणं म्हणायचा. “बाकी दिवस जनावर मिजास करते, बाई,” तो सांगायचा, “पन पारन्याच्या दिवशी खोटं बोलत नाई. किती तावानं येते ते पाय. कोन्या बाजूनं चावते ते पाय. हाडूक फोडते का सोडते ते पाय. डॉक्टरले समजाच्या आधी तुले समजलं पायजे.”

बाबूलाल गेला. बागही गेली. तिथं आता कोळसा वाहणाऱ्या ट्रकांचा तळ आहे.

रानाचंही तेच झालं. खाणी आल्या, कालवे आले, सहापदरी रस्ते आले, आणि वाघ गावात आले. माणसं मेली. कवठीच्या नाल्यावर तेंदूपत्ता तोडणाऱ्या दोन बायांना ज्या वाघिणीनं मारलं तीच ही सत्तेचाळीस नंबरची. राखणदार तिला कवठीच म्हणायचे. ती काही देवी नव्हती, हे इथंच सांगून टाकलेलं बरं. पकडलेल्या वाघांची संख्या साठाच्या वर गेली आणि तुमची पंचाईत झाली. नियम सांगत होता, एका वाघामागे इतकी मोकळी जमीन हवी. साठ वाघांना तितकी जमीन द्यायची तर खाणीची जागा द्यावी लागली असती.

तेव्हा शमक आला.

तो काय आहे ते लोकांनी नीट समजून घ्यावं, कारण उद्या तो त्यांच्याही कानामागे येणार आहे. दुखणं हे एक नसतं, त्याचे दोन तुकडे असतात. एक तुकडा सांगतो, अमुक ठिकाणी दुखतंय. दुसरा म्हणतो, सोसवत नाही, काहीतरी कर. मेंदूत या दोघांच्या वाटा वेगळ्या आहेत. दुसरी वाट मेंदूच्या पुढच्या भागात, मधोमध, एका घडीतून जाते. तिथं इजा झालेली माणसं डॉक्टरांनी पूर्वीपासून पाहिली आहेत. सुई टोचली की ती म्हणतात, “हो, दुखतंय,” आणि हसतात. हात मागे घेत नाहीत.

शमक म्हणजे त्या घडीत सोडलेल्या केसाएवढ्या तारा. त्या आधी ऐकतात. ‘सोसवत नाही’ची लहर उठली की तिच्या उलट लहर सोडतात आणि उठलेली दाबून टाकतात. एका सेकंदात दोनशे वेळा. वीज गळ्यातल्या पट्ट्यातून कातडीपलीकडे जाते. पट्ट्यात दोन सेल असतात: ऐकायचा सेल छोटा, वर्षभर टिकतो, दाबायचा मोठा, आठ दिवसांत संपतो. दाबायला नेहमीच जास्त ताकद लागते.

तारा जे ऐकतात त्याचा अंक काचेवरच्या आणि मागे बोळातल्या बोर्डावर दिसतो. शून्य ते शंभर. पंधराच्या आत हिरवा, साठाच्या वर लाल. गंमत अशी, की हा अंक दाबून झाल्यावर उरलेल्याचा असतो. तापाची गोळी द्यायची, ताप उतरल्यावर थर्मामीटर लावायचा, आणि म्हणायचं, बघा, याला कधी ताप नव्हताच.

मग तुम्ही नियम बदललात. ‘एका वाघामागे इतकी जमीन’ खोडलंत आणि लिहिलंत, ‘ताण-अंक पंधराच्या आत.’ जमीन मोजायची सोडून जनावर मोजलंत. बसस्टँडजवळची बंद पडलेली चार मजली पार्किंगची इमारत रंगवून घेतलीत. एका मजल्यावर सोळा खोल्या. खोली बारा फूट बाय चौदा, पुढून हवाबंद काच, मागून राखणदाराच्या बोळाकडे गज. चौसष्ट वाघ.

लोक खूश झाले. जुन्या बागेतले वाघ येरझाऱ्या घालायचे, शेपट्या चावायचे. इथले बसून राहतात आणि काचेबाहेर बघतात. फोटो छान येतो.

*

एप्रिलातल्या एका बुधवारी सुगंधा दुसऱ्या मजल्याच्या बोळातून चालली होती. साडेसातच्या आत सोळा बोर्डांचे अंक टॅबवर चढवायचे असतात. तीन, पाच, चार, चार. मागे काहीतरी फरशीवर पडलं, टक्क. ती वळली.

कवठीनं मांडीचं हाडूक तोंडातून टाकलं होतं. तिनं ते पुन्हा उचललं, मान उजवीकडे वाकडी केली, उजव्या दाढांनी दोनदा चावलं. हाडूक पुन्हा पडलं. डाव्या गालाखाली केस ओले होते. सुगंधा गजांशी वाकली आणि तिला वास आला. मेलेल्या उंदराचा येतो तसा.

वर बोर्डावर चार. हिरवा.

आपण शेवटचं पारणं कधी पाहिलं होतं, हे तिला आठवेना. गेल्या बुधवारी अंक चढवले होते. त्याच्या मागच्या बुधवारीही अंकच. बाबूलालनं दिलेले डोळे तिनं कधी त्या बोर्डाकडे गहाण टाकले, तिचं तिलाच कळलं नव्हतं.

शेषराव पलीकडच्या खोलीची मोरी धूत होता. तिच्यानंतर नोकरीला लागलेला, तिला वयनी म्हणणारा.

“शेषराव, कवठीचं तोंड पाह्यलं का तू?”

“पाह्यलं न. वास येते.”

“कधीपासून?”

“झाला असन महिना, दीड महिना.”

“मंग बोलला काहून नाई? तोंडात गुळणी धरली होती काय?”

शेषरावनं कानामागची पट्टी खाजवली. ही शमकाची माणसांसाठीची आवृत्ती. हिला तारा नाहीत. कवटीबाहेरून आवाजाच्या बारीक लहरी त्याच घडीवर सोडते. आधी राखेच्या तळ्यावर, भट्ट्यांवर, गटारांत उतरणाऱ्यांना दिली. सदनातल्या राखणदारांनाही दिली. फक्त सुगंधानं घेतली नव्हती, आणि एक जूनपासून ती सक्तीची होणार होती.

“बोर्ड हिरवा होता न, वयनी,” शेषराव म्हणाला. मग जरा विचार करून, अगदी प्रामाणिकपणे, “अन् खरं सांगू? मले काई वाटलंच नाई.”

*

तिचा नवरा मोरेश्वर वीजकेंद्राच्या राखेच्या तळ्यावर कामाला. त्या संध्याकाळी तो अंगणात बाजेवर बसून शेजारच्या पोरीला पतंगाची शेपटी बांधून देत होता. दोन वर्षांपूर्वी हाच माणूस सहा महिने हातात एक लाल चप्पल धरून बसला होता. मैना त्यांची एकुलती एक. आठ वर्षांची. एकोणपन्नास अंशांच्या दुपारी शाळेतून येताना रस्त्यात पडली आणि दवाखान्यात पोचेपर्यंत संपली. सहा महिन्यांनी मोरेश्वरनं पट्टी लावली. आठवड्याभरात जेवायला लागला. महिन्याभरात शिट्टी वाजवायला लागला.

सुगंधानं चहा आणून दिला. शेजारची पोर पळाली.

“पुढच्या बुधवारी मैनाचा वाढदिवस हाय,” ती म्हणाली.

“माहीत हाय न. शेवया कर. तिले आवडत.” त्यानं चहा फुंकला. “मी येतो दुपारी तुह्याकडे डबा घेऊन. सुट्टी हाय मले.”

बुधवारी बाजार आहे, असं सांगावं तसा त्याचा सूर.

“तुमाले काईच होत नाई?”

“आठवते न. सगळंच आठवते. तिच्या करंगळीची मेंदी रंगली नव्हती, तेबी आठवते.” तो शोधल्यासारखा थांबला. “फक्त टोचत नाई.”

“टोचाले पायजे.”

“कोनाच्या भल्यासाठी?”

हे त्यानं भांडून विचारलं नाही. ती पदरानं रिकामी बशी पुसायला लागली.

“एक तारखेले लावाच लागन तुलेबी,” तो म्हणाला. “लावून घे, सुगंधे. झोप लागन.”

*

पुढच्या मंगळवारी, उपासाच्या दिवशी, कवठीला दाबपिंजऱ्यात घेतलं. खोलीच्या मागच्या बाजूला हा अरुंद पिंजरा असतो. त्याची एक भिंत चाकानं सरकवली की जनावर दोन गजांमध्ये अडकतं. दर मंगळवारी इथंच पट्ट्यातला मोठा सेल बदलतात. ते काम सुगंधाचं. म्हणजे आठवडाभराचं हिरवेपण तिच्याच हातानं भरलं जायचं.

पशुवैद्य डॉक्टर अन्सारी उजेडासाठी बॅटरी आणि एक लाकडी पट्टी घेऊन आले होते. मंजुरी नव्हती, हिरव्या जनावराला भूल द्यायला यंत्रणा मंजुरी देतच नाही. पण भूल कशाला हवी? अन्सारींनी गजांतून लाकडी पट्टी घातली आणि वाघिणीचा ओठ वर उचलला. कवठीनं गुरकावलं नाही. पिवळे डोळे सुगंधाकडे लावून ती बघत राहिली, एखादी म्हातारी चष्मा बदलायला बसावी तशी.

अन्सारींनी बॅटरी आत मारली आणि पट्टीनं गाल आणखी बाजूला सारला.

“सांगा न, डॉक्टर.”

“सुळ्याचं मूळ सडलंय. तिथून हाडात गेलंय. खालचा जबडा डावीकडून जवळजवळ संपलाय, ताई. हात लावला तर हातात येईल.”

“दीड महिन्याआधी सांगितलं असतं तं?”

त्यांनी बॅटरी बंद केली. “दात काढला असता. वीस मिनिटांचं काम होतं.”

सुगंधानं गज धरले. डॉक्टर जमिनीकडे बघत पुढे बोलले, “आता ऑपरेशन नाही. दीड-दोन महिने जगेल. हळूहळू खाता येणार नाही. आणि बोर्ड चारच दाखवेल. शेवटपर्यंत.”

“मंग सोडवा न तिले. सुईनं.”

“दयामरणाला पुरावा लागतो. अंक सलग सहा तास साठाच्या वर. एक मिनिट खाली आला की मोजणी पुन्हा शून्यापासून. हिरव्या जनावराला मी सुई दिली तर कायद्यानं ती हत्या.” ते दाराकडे गेले, थांबले. “मोठा सेल आठ दिवस चालतो ना? आज सातवा.”

“हाव.”

“मी काही म्हणालो नाही.”

ते गेले. नवा सेल सुगंधाच्या मुठीत होता, हाताच्या उबेनं गरम झालेला. एका बाजूला सहा तास, सगळं दुखणं एकदम, दीड महिन्याचं साठलेलं. दुसऱ्या बाजूला दोन महिने, काहीच न वाटता जिवंतपणी कुजणं. कोनाच्या भल्यासाठी? मोरेश्वर कानाशी विचारत होता. या वेळी तिच्याकडे उत्तर होतं, आणि त्या उत्तराची तिला भीती वाटत होती.

तिनं पट्ट्यातला जुना सेल काढला. पुसला. पुन्हा तोच बसवला. भिंत मागे सरकवताना म्हणाली, “माफ कर, माय. उद्या पारनं हाय तुहं.”

*

बुधवारी सकाळी सात वाजून दहा मिनिटांनी तिच्या हँडसेटवर ‘सेल संपला’ असा निरोप आला. सेल बदलणं राखणदाराचं काम, म्हणून हा निरोप फक्त राखणदाराला येतो. सुगंधानं हँडसेट खिशात टाकला, बोळाचं दार आतून लावलं, चावी कनवटीला खोचली आणि गजांपुढे मांडी घालून बसली.

चार. अकरा. एकोणतीस.

कवठीनं आधी स्वतःच्या पंजाकडे पाहिलं. मग मान वर करून भिंतीकडे, मग दुसऱ्या भिंतीकडे, तीन वर्षांत पहिल्यांदा दिसल्यासारखी. उठली. चार पावलं चालली, काच लागली. वळली. चार पावलं, गज. मग तिनं जबडा फरशीवर टेकवला आणि घासायला लागली. सात चाळीसला बोर्ड लाल झाला. एकसष्ट. सत्त्याहत्तर. चौऱ्याण्णव.

आणि ती ओरडली.

व्याघ्रसदनात वाघाची डरकाळी अशी घुमलीच नव्हती कधी. काँक्रीटच्या चार मजल्यांतून तो आवाज वर गेला आणि खाली आला. पुढच्या-मागच्या खोल्यांत वाघांनी कान टवकारले. बोर्डांवर अंक हलले: नऊ, बारा, चौदा. क्षणभर सगळी इमारत जागी होतेय असं वाटलं. मग लहरी दाबल्या गेल्या आणि पुन्हा चार, तीन, पाच.

सुगंधा हलली नाही. आपण केलं ते आपण बघायचं, एवढंच तिनं ठरवलं होतं. ती बाबूलालची जुनी हाक देत राहिली, “हो माय, हो. हाव. मी हाय न.” मांस तसंच पडून होतं. एकदा कवठीनं गजांवर झेप घेतली तेव्हा रक्त-पुवाचे शिंतोडे सुगंधाच्या तोंडावर आले. तिनं ते पुसले नाहीत.

नऊला लोक आले. काचेपलीकडून त्यांचे आवाज स्पीकरवर यायचे.

“हा बिघडला वाटते.”

“अहो, लेकराले मागं घ्या!”

“ऑफिसात सांगा कोनी तरी. पैसे भरून काय रागावलेला वाघ पाहाचा?”

*

साडेअकराला मोरेश्वर डबा घेऊन आला. सुगंधानं त्याला आत घेतलं आणि दार पुन्हा लावलं. तो फरशीवर बसला, डब्याचं झाकण काढलं. शेवया.

कवठी ओरडली. मोरेश्वरनं मान वर केली. “लय दुखून राहिलं वाटते तिले.”

“हाव.”

“किती वेळ?”

“एक चाळीसपर्यंत. मंग डॉक्टर सुई देतीन.”

त्यानं एक घास खाल्ला. वाघिणीकडे बघत चावत राहिला. चावणं हळूहळू थांबलं. काय झालं ते त्यालाही नंतर सांगता आलं नाही. त्यानं हात कानामागे नेला, नख घातलं आणि पट्टी सोलून काढली. डब्याच्या झाकणात ठेवली.

एक मिनिट काही नाही. दोन मिनिटं. मग त्यानं शेवयांकडे पाहिलं, जणू कुणी त्याच्यापुढे निखारे वाढून ठेवले होते.

“सुगंधे,” तो म्हणाला, “ते रस्त्यात पडली तवा... एकटीच होती न ते?”

दोन वर्षांत त्यानं हे विचारलं नव्हतं. सुगंधा सरकून त्याच्याजवळ गेली. तो तिच्या खांद्यात तोंड खुपसून जनावरासारखा रडला. गजांपलीकडे कवठी, अलीकडे तो, आणि मधे ती. तिला वाटलं, आला. माझा माणूस परत आला.

दहा मिनिटं झाली असतील. मोरेश्वरनं डोळे पुसले आणि झाकणातली पट्टी उचलली.

“नका लावू,” ती म्हणाली. “पाया पडते तुमच्या.”

“मले नाई जमत. तुह्यात ताकद हाय. माह्यात नाई.” त्यानं पट्टी कानामागे दाबली. चेहऱ्यावरच्या रेषा एकेक करून पुसल्या गेल्या. मग त्यानं डबा नीट लावला, तिच्यासाठी अर्ध्या शेवया ठेवल्या, आणि जाताना म्हणाला, “जेवून घे. थंड होतीन.”

*

सकाळपासून पाहुण्यांच्या तयारीत बाहेर असलेले साहेब एक वाजून वीस मिनिटांनी आले. तुमचेच. त्यांच्याही कानामागे पट्टी होती, चांगल्या प्रतीची, कातडीच्या रंगाची. बाहेरून ते दारावर बोटानं टकटक करत होते, कुणाची झोप मोडू नये तसे.

“बाई, चावी द्या.”

“वीस मिनिटं थांबा, साहेब.”

“दुपारी पाहुणे येतायत. बाहेरगावचे, चार शहरांचे अधिकारी. त्यांना असंच सदन बांधायचंय. लाल बोर्ड दाखवता येत नाही. आपण समजूतदार आहात.”

“मले वीस मिनिटं द्या. मंग मले काढा, जेलात टाका, काईबी करा.”

“रागावू नका,” साहेब म्हणाले. ते स्वतः जराही रागावले नव्हते. त्या शांत आवाजाची तिला कवठीच्या डरकाळीहून जास्त भीती वाटली.

दार उघडायची त्यांना गरजच नव्हती. काचेच्या बाजूला, मांस टाकायच्या झडपेतून भुलीची सुई मारता येते. डॉक्टर अन्सारींना हुकूम झाला. सुगंधाला काचेतून दिसत होतं: अन्सारी औषधाची बाटली शोधत होते. सापडली. सुई लावली. सुई पडली. दुसरी शोधायला लागले. खिसे चाचपले. एक सत्तावीस. एक अठ्ठावीस. घामानं त्यांचा सदरा पाठीला चिकटला होता.

“शेषराव,” साहेब म्हणाले, “तुम्हाला येतं ना?”

शेषरावनं बंदूक घेतली. नेम चांगला होता त्याचा. हात कापायचं काही कारणच नव्हतं.

कवठीनं मागच्या पायाला लागलेल्या सुईकडे वळून पाहिलं. चौऱ्याण्णव. ऐंशी. मागचे पाय बसले. बासष्ट. अठ्ठावन्न. एक वाजून एकतीस मिनिटं. बोर्डाच्या कोपऱ्यातली मोजणी पाच तास एक्कावन्न मिनिटांवर थांबली, लुकलुकली, आणि शून्य झाली.

नऊ मिनिटं.

मग त्यांनी दार कापलं आणि नवा सेल बसवला. तीन वाजता पाहुणे आले तेव्हा सत्तेचाळीस नंबरची वाघीण काचेशी बसली होती. गाल सुजलेला, डोळे पिवळे. चार. हिरवा. एकानं विचारलं, “ही फारच शांत दिसते. काय देता?”

*

सुगंधाला निलंबित केलं. अन्सारींची बदली झाली, जिथं वाघ नाहीत तिथं. कवठीला तुम्ही काचेमागेच ठेवलंत. ती दिसायला खराब होईल तशी खोलीतली दिवाबत्ती मंद करत गेलात.

जूनच्या एका गुरुवारी शेषराव सुगंधाच्या दारात येऊन उभा राहिला. हातात तिचा जुना टिफिन, सदनात राहिलेला.

“वयनी, कवठी गेली.”

सुगंधा उंबऱ्यातच बसली. “कधी?”

“ते नाई सांगता येत. आज उचलली. अंग फुगलं होतं.”

“म्हंजे?”

“काच हवाबंद हाय न, बाहेर वास येत नाई. सोमवारचं मटन तसंच होतं. मंगळवारी तं उपासच. बुधवारचंबी तसंच पडलं. माश्या होत्या लय.” तो आठवून आठवून, नीट सांगत होता. “अन् बोर्ड शून्यावर. एकदम शून्य, वयनी. कोन्याच वाघाचा येत नाई एवढा. गेटवर तिचा फोटो लावला न त्याहीनं, आठवड्याची सर्वांत शांत वाघीण म्हनून. लोकं तिच्यासंग फोटो काढून राहिले होते.”

“तुले दिसलं नाई, शेषराव? तू रोज मोरी धुतो तिथं!”

“दिसलं न.” त्यानं टिफिन उंबऱ्यावर ठेवला. “मले काई वाटलं नाई.”

दाबायचा सेल शेवटपर्यंत चालू होता, म्हणजे तो दाबत होता. ऐकायचा छोटा सेलही चालू होता. तो ऐकत होता. मेलेल्या मेंदूत ‘सोसवत नाही’ असं म्हणणारं कुणी उरलेलं नसतं. समाधानी वाघ आणि मेलेला वाघ यांतला फरक तुमच्या यंत्राला कळत नाही. तो कळावा म्हणून ते बनवलेलंच नव्हतं.

*

सुनावणी जुलैत झाली. आरोप एकटीवर होता, सुगंधा नन्नावरेवर. कलम क्रूरतेचं. ‘सदर प्राण्यास पाच तास एक्कावन्न मिनिटे जाणीवपूर्वक तीव्र वेदना दिल्या.’ पुराव्याला तीन वर्षांचा आलेख. सगळीकडे हिरवी सपाट रेघ, आणि त्यात एकच लाल सुळका, त्या बुधवारचा. तेवढाच काय तो त्या वाघिणीचा छळ झाला, असं तुमचा कागद सांगत होता.

मोरेश्वर मागच्या बाकावर बसला होता, मांडीवर डबा घेऊन, प्रसन्न चेहऱ्यानं.

“आरोप कबूल आहे?” तुम्ही विचारलंत.

“कबूल,” सुगंधा म्हणाली. “दिल्या मी वेदना. दीड महिना मी तिच्या तोंडाकडे पाह्यलं नाई, तेबी लिहा. ते याच्याहून मोठं हाय. ते तुमच्या कागदात नाई.”

“आणखी काही सांगायचंय?”

“सांगाचं नाई. विचाराचं हाय.”

तिनं अहवाल उघडला, पान एकोणीस, आणि कोऱ्या रकान्यावर बोट ठेवलं. मृत्यूचा दिनांक.

“हे काहून कोरं हाय, साहेब?”

तुम्ही चष्मा लावलात. “नोंदीनुसार त्या कालावधीत कोणताही बदल आढळलेला नाही.”

“बदल नाई. मेली अन् बदल नाई.” तिनं बोट उचललं नाही. “सोमवारचं मटन तिनं खाल्लं नाई. म्हंजे सोमवारीच गेली होती, का जबडा नाई म्हनून खाल्लं नाई? मंगळवारी उपास. बुधवारी पारनं. जिता जीव होता तो, साहेब. त्याले मराचा वार तं असन न काईतरी?”

तुम्ही पाण्याचा पेला पुढे सरकवलात. कातडीच्या रंगाच्या पट्ट्या लावलेले पाच चेहरे टेबलामागे बसले होते. कुणालाच काही वाटत नव्हतं.

“पानी नको मले,” ती म्हणाली. “वार सांगा. उपाशी मेली, का पारनं पुढ्यात पडलं तवा जिती होती? सांगा. मी इथून उठत नाई.”